‘फॅलो’ला मराठी शब्द शोधताना : एका पुस्तिकेच्या कामाच्या नोंदी

आमच्या गावातल्या शेतकरी गटासाठी एक इंग्रजी पुस्तिका मराठीत आणायचं काम या उन्हाळ्यात मी अंगावर घेतलं. गाव परभणी जिल्ह्यातल्या सोनपेठ तालुक्यात, रान बहुतेक काळं भारी. पुस्तिका कोरडवाहू जमिनीत ओल कशी धरून ठेवायची यावर आहे. मूळ ४० पानं, आमची २४ पानी होणार होती. मी वाचनालय सांभाळते, इंग्रजी बऱ्यापैकी येतं आणि शेतकऱ्याच्या घरात वाढले आहे, त्यामुळे महिन्याभरात होईल असं वाटलं होतं. जमिनीसाठी वापरल्या जाणाऱ्या ‘फॅलो’ (fallow) या एका इंग्रजी विशेषणापायी काम जवळजवळ पाच महिने चाललं. दुसऱ्या कुणाला असं काम करायचं असेल तर त्याचा वेळ आणि पैसा वाचावा म्हणून वहीतल्या नोंदी इथे देते. घरगुती मजकूर तेवढा काढला आहे.

८ मे

पुस्तिका छापील आहे. पानांचे फोटो काढून मोबाइलवरच्या ओसीआरने, म्हणजे फोटोतली अक्षरं ओळखणाऱ्या सोयीने, मजकूर उचलला. ‘फॅलो’ शोधला तर ३५ ठिकाणी आला. रात्री छापील पानं आणि उचललेला मजकूर शेजारी ठेवून ताडून पाहिला, तेव्हा आणखी सहा सापडले. पाच ठिकाणी यंत्राने ‘फॅलो’चं ‘फॉलो’ केलं होतं. ते वाक्य वाचताच अडखळायला होतं, म्हणून लगेच कळतं. सहाव्या ठिकाणी ‘शॅलो’ झालं होतं, म्हणजे उथळ. उथळ जमीनही असतेच, त्यामुळे वाक्य सरळ वाचलं जातं आणि संशय येत नाही. चुकीमुळे वाक्य मोडलं तर बरं, निदान दिसतं तरी.

एकूण ४१. दोन दिवस गेले.

११ मे

वाचनालयातला जुना इंग्रजी-मराठी शब्दकोश आणि मोबाइलवरचे दोन कोश पाहिले. पडीक, पडीत, ओसाड, न पेरलेली, असे अर्थ मिळाले. ‘पडीक’ सुटसुटीत वाटला. एका फटक्यात ४१ ठिकाणी ‘पडीक’ घालून टाकला.

सगळ्यात मोठी चूक हीच. एकही वाक्य वाचून न पाहता शब्द बदलला. पुढचं सगळं नुकसान इथून सुरू झालं.

२६ मे

परभणीला जाऊन १०० प्रती छापून आणल्या. प्रत ३८ रुपयांना पडली, म्हणजे ३,८०० रुपये. जाण्यायेण्याचे १८० वेगळे. गटातल्या १९ जणांनी दोनदोनशे रुपये काढले होते, ते सगळे संपले. आठवडाभरात ६१ प्रती वाटल्या गेल्या.

२ जून

संध्याकाळी मारुतीच्या पारावर वाचन ठेवलं. पंचवीसेक माणसं होती, बायका पायऱ्यांवर बसल्या होत्या. सातव्या पानापर्यंत सगळं शांत चाललं. तिथे वाक्य होतं : ‘खोल काळ्या जमिनीत पावसाळ्यात रान पडीक ठेवल्यास रब्बीसाठी ओल साठते.’

तात्यांनी हात वर केला. ते माझे चुलत चुलते, सत्तरी ओलांडलेले.

“थांब माय. पडीक ठेवल्यावर ओल कशी साठंल? पडीक रानात हराळी अन् कुंदा माजतो. ती सगळी ओल तेच पिऊन बसत्यात.”

मी म्हटलं, “तात्या, पुस्तकात तसंच आहे.”

“पुस्तकात असंल. पण रान पडीक पाडलं म्हणजे घरात करणारं माणूस राहिलं न्हाई, असं म्हणत्यात लोक. ते काय ओल साठवायचं काम हाय व्हय?”

मागून एक तरुण बोलला. त्याच्या घरी दोन एकर भारी रान आहे. तो म्हणाला, “मग मी तर या साली दोन एकराला हातच लावणार नव्हतो, ताई. पुस्तक म्हणायलंय ना, काही करू नका म्हणून.”

मी वाचन थांबवलं. तात्या चुकत नव्हते आणि मूळ पुस्तिकाही चुकत नव्हती. चूक माझ्या एका शब्दात होती, आणि त्या शब्दावर विसंबून एक माणूस दोन एकर रान तणाच्या हवाली करणार होता.

३ ते ५ जून

तीन दिवस घरोघर फिरून प्रती परत मागितल्या. ६१ पैकी ५४ मिळाल्या. सात कुठे गेल्या ते कळलं नाही, दोन पाहुण्यांबरोबर पुण्याला गेल्या असं काकू म्हणाल्या. लोकांना सांगायला लाज वाटली, पण एकानेही पैशांवरून बोल लावला नाही.

९ जून

मृग लागला, पाऊस अजून नाही. तात्यांबरोबर त्यांच्या रानात गेले. तीन एकर सलग काळं रान, दरवर्षी रब्बीला ज्वारी. मालदांडी पेरतात, मधे दोन वर्षं परभणी मोती पेरली होती. खरिपात तिथे काहीच नसतं. माझ्या लहानपणी गावात अशी रानं पुष्कळ होती. सोयाबीन आल्यापासून खरीप कुणी मोकळा सोडत नाही, म्हणून वीस-पंचवीस वर्षांच्या मुलांनी हा प्रकार पाहिलेलाच नाही. परवा चूक म्हाताऱ्या माणसाने पकडली आणि तरुण फसणार होता, त्याचं कारण हेच.

तात्यांनी क्रम सांगितला. ज्वारी निघाली की उन्हाळ्यात नांगरट. ढेकळं मेभर तापू द्यायची. काळ्या रानाला भेगा पडतात, पहिला पाऊस त्या भेगांतून खोल उतरतो. मग पाऊस पडून वापसा आला, म्हणजे रान अवजार चालण्याइतकं सुकलं, की वखराची पाळी, म्हणजे वरची माती हलवून तण कापणारा वखर रानभर एकदा फिरवायचा. तण दिसलं की पुन्हा पाळी. पोळ्यापर्यंत तीन-चार पाळ्या होतात. पेरणी सप्टेंबरच्या मध्यापासून पुढे महिनाभरात, घात म्हणजे पेरणीजोगी ओल बघून.

म्हणजे ज्या रानाला मी ‘पडीक’ म्हटलं त्यात पीक नसतं, पण बैल आणि माणूस चार महिने राबत असतात.

पावसाळ्यातच का पेरत नाहीत, हेही विचारलं. भारी रान एकदा भिजलं की आठ-आठ दिवस पाय टाकता येत नाही, तण आवरत नाही आणि पाणी साचून पीक पिवळं पडतं. हैदराबादजवळ पाटनचेरूला १९७२ साली सुरू झालेल्या इक्रिसॅट या आंतरराष्ट्रीय शेती संशोधन संस्थेने अशाच खोल काळ्या रानांवर बरंच काम केलं. पावसाळ्यात मोकळी राहणारी ही जमीन पिकाखाली यावी म्हणून त्यांनी रुंद वरंबा-सरीची पद्धत पुढे आणली. आज आपल्याकडे सोयाबीनला बीबीएफ यंत्र चालतं ती पद्धत हीच. त्यांच्या इंग्रजी लिखाणात या जमिनींना ‘रेनी सीझन फॅलो’ म्हणतात. तिथे ‘पडीक’ घातलं तर वाचणाऱ्याला वाटेल की शास्त्रज्ञ ओसाड माळ लागवडीखाली आणत होते.

१२ जून

कोश पुन्हा उघडला, या वेळी नीट. इंग्रजीत ‘फॅलो’ क्रियापद म्हणूनही चालतं, आणि त्याचा अर्थ तात्यांनी सांगितला तोच : तण मारायला आणि ओल धरायला जमीन नांगरून, वखरून, न पेरता ठेवणे. मी विशेषणाच्या पहिल्या ओळीवर थांबले होते, क्रियापदापर्यंत गेलेच नव्हते. कोशातली नोंद शेवटपर्यंत वाचायला दहा मिनिटं लागतात. मी ती वाचली नाही आणि ३,८०० रुपये गेले.

शब्दाचं मूळही पाहिलं. जुन्या इंग्रजीत ‘फेआल्ह’ होतं, त्याचा संबंध नांगरलेल्या जमिनीशी आहे. युरोपात मध्ययुगात गावाच्या शेताचे तीन वाटे करत, दरसाल एक वाटा फॅलो ठेवत आणि त्या सालात तो अनेकदा नांगरत. नुसतं पडून राहणं, रिकामं असणं हा अर्थ नंतर वाढत गेला.

मात्र तो अर्थही खोटा नाही. १६११ च्या इंग्रजी बायबलमध्ये यिर्मयाच्या पुस्तकात फॅलो जमीन फोडा, काट्यांत पेरू नका, असं सांगितलं आहे. तिथे जमीन कडक झालेली, काटे माजलेली आहे. तिथे ‘पडीत’च बरोबर. म्हणून एक शब्द सगळीकडे बसणार नाही हे आज मान्य केलं आणि ४१ वाक्यं एकेक करून वहीत उतरवायला घेतली.

१४ जून

गटातल्या एकाने सुचवलं की सातबाऱ्यावर चालतो तो शब्द वापरा, लोकांना ओळखीचा आहे. तलाठ्यांकडे जाऊन बसले. चांगला तास दिला त्यांनी.

सरकारी हिशेबात मुदतीवर शब्द ठरतो. चालू वर्षी पेरलं नाही तर ‘चालू पड’. एक ते पाच वर्षं पेरलं नसेल तर ‘इतर पड’. पाच वर्षांहून जास्त झाली तर ती ‘लागवडीयोग्य पडीक’. यातल्या पहिल्या दोघांना सरकारी इंग्रजीत ‘फॅलो’ म्हणतात. तिसरीला म्हणत नाहीत, तिथे ‘वेस्ट’ हा शब्द आहे. म्हणजे महसुलाच्या भाषेतही माझा ‘पडीक’ एक घर खाली घसरला होता. ई-पीक पाहणीच्या ॲपमध्येही ‘चालू पड’ आणि ‘कायम पड’ असे वेगळे पर्याय आहेत, ते त्यांनी मोबाइलवर उघडून दाखवले.

‘पड’ हा शब्द मला आवडला. छोटा आहे, ओळखीचा आहे, त्यात दोष नाही. पण मशागत चालू आहे की नाही हे तो सांगत नाही. मुदत सांगायची तिथे ‘पड’ ठेवायचं ठरवलं.

२२ जून

आज ‘समर फॅलो’वर अडले. पुस्तिकेचं ते प्रकरण कॅनडातल्या गव्हाच्या सपाट प्रदेशावर आहे. मी आधी ‘उन्हाळी पडीक’ केलं होतं. आपल्याकडे उन्हाळ्यात कोरडवाहू रान मोकळंच असतं, त्यात सांगण्यासारखं काय? तिथला उन्हाळा हाच पिकाचा हंगाम. म्हणून समर फॅलो म्हणजे पिकाचा अख्खा हंगाम न पेरता सोडणं, एक साल गहू आणि एक साल मोकळं. आपल्या हिशेबात ते खरीप मोकळा सोडण्याच्या जवळ जातं.

‘राइस फॅलो’ याच्या नेमकं उलट निघालं. पूर्व भारतात खरिपाचा भात काढल्यावर रान रब्बीत मोकळं राहतं, ते राइस फॅलो. आपल्याकडे खरीप मोकळा, त्यांच्याकडे रब्बी. शब्द एकच, हंगाम उलटे. म्हणून मराठीत ‘भात काढल्यावर रब्बीत मोकळं राहिलेलं रान’ असं सरळ लिहिलं. लांब झालं, पण चुकीचं वाचलं जाणार नाही.

‘केमिकल फॅलो’ म्हणजे वखराऐवजी तणनाशक मारून रान तणमुक्त ठेवणं. ते पटकन झालं.

३० जून

‘फॅलो एफिशिअन्सी’. आधी मी ‘पडीक कार्यक्षमता’ लिहिलं होतं. आज ते वाचून कानाला फार लागलं. याचा अर्थ साधा आहे : रान मोकळं असताना जेवढा पाऊस पडला त्यातला किती हिस्सा पेरणीपर्यंत मातीत टिकला. ४०० मिलिमीटर पडला आणि १०० मिलिमीटर जमिनीत राहिला तर पंचवीस टक्के. आता मजकुरात ‘पडलेल्या पावसातली मुरून टिकलेली ओल’ असं आहे आणि खाली हे उदाहरण. नाव न देता काम भागलं.

६ जुलै

तात्यांच्या रानात दुसरी पाळी काल झाली. आज सकाळी त्यांनी खुरपं घेऊन दोन जागी उकरून दाखवलं. पाळी घातलेल्या जागी वर दोन बोटं भुगा, एकदम कोरडा, बोटांतून निसटणारा. त्याखाली माती काळीशार, गार. मूठ दाबली की गोळा झाला आणि त्यावर बोटांचे ठसे उमटले. मग बांधाला लागून वखर पोचत नाही त्या पट्ट्यात उकरलं. खुरपं टणकन वाजलं. वर हराळीची जाळी, खाली माती फिकट, दाबली की चुरा. दोन जागांत चार हातांचं अंतर, पाऊस दोन्हींवर सारखाच.

“ह्ये पडीक,” बांधाकडे हात करून तात्या म्हणाले, “अन् ह्ये आपलं मोकळं रान.”

‘मोकळं रान’ हा शब्द तिथे मिळाला. पहिल्यांदा येईल तिथे ‘पाळ्या घालून मोकळं ठेवलेलं रान’ आणि पुढे नुसतं ‘मोकळं रान’.

७ ते १३ जुलै

हा आठवडा वाया गेला, त्याचं कारण सांगायला हवं.

पुस्तिकेच्या शेवटी मुलांसाठी ‘एका शब्दाचं पान’ द्यायचं होतं. अकरावीतली भाची मदतीला आली. तिने मोबाइलवर ‘फॅलो’ टाकलं तर पडद्यावर हरणंच हरणं. युरोपातलं फॅलो डिअर, शास्त्रीय नाव डामा डामा. उन्हाळ्यात अंगावर चितळासारखे पांढरे ठिपके, नराची शिंगं पंजासारखी पसरट. भाची म्हणाली, “पडीक रानात चरतं म्हणून असंल ना, आत्या?” आपल्याकडे काळविटांचे कळप पडीक रानातून पिकात शिरतात, त्यामुळे तिला तसं वाटणं साहजिक होतं.

तसं नाही. तिथे फॅलो हा रंग आहे, फिकट पिवळसर तपकिरी. मग मी स्वतःच एक उपपत्ती बसवली : नांगरलेल्या मातीचा रंग तोच हरणाचा रंग, म्हणून एक शब्द. छान जुळतंय असं वाटून दोन पानं लिहून काढली, भाचीकडून चित्रंही काढून घेतली. परभणीला इंग्रजी शिकवणाऱ्या एका ओळखीच्या सरांना दाखवलं. त्यांनी शांतपणे सांगितलं, हे दोन वेगळे शब्द आहेत. जमिनीचा ‘फेआल्ह’ आणि रंगाचा ‘फेआलु’. उच्चार झिजत झिजत एकसारखे झाले. जुन्या इंग्रजी काव्यात हा रंगाचा शब्द घोड्यांना, रस्त्याला, समुद्राच्या पाण्यालाही लावलेला सापडतो. जर्मन भाषेत फिकट रंगाच्या घोड्याला अजून ‘फाल्बे’ म्हणतात.

माझी उपपत्ती इथल्या मातीवर तपासली असती तरी मोडली असती. आमची नांगरलेली जमीन काळीभोर आहे, तिच्या रंगाचं हरीण म्हणजे काळवीट झालं असतं! मूळ न शोधता नुसत्या जुळण्यावर विसंबले. दोन्ही पानं फाडली. भाचीची चित्रं ठेवली, हरीण तिने सुरेख काढलं आहे.

सरांनी जाता जाता आणखी एक सांगितलं, त्याने आठवड्याचं दुःख गेलं. रंगाच्या त्या शब्दाचं कूळ थेट संस्कृत ‘पलित’शी जुळतं. पलित म्हणजे पांढरे, करडे झालेले केस. वलीपलित आपण वाचलेलं असतं : सुरकुत्या आणि पिकलेले केस. लॅटिनमधला फिकटपणाचा शब्दही त्याच कुळातला. संध्याकाळी तात्यांना सांगितलं की तिकडच्या हरणाचं नाव आणि तुमच्या पांढऱ्या केसांचा संस्कृत शब्द एका घरचे आहेत. ते डोक्यावरून हात फिरवत बराच वेळ गप्प बसले आणि म्हणाले, “लांबचं नातं निघालं म्हणायचं.”

२१ जुलै

रंग मराठीत कसा सांगायचा? ‘पिवळसर तपकिरी’ वाचून डोळ्यांपुढे काही येत नाही. लाल कंधारी गाय जवळ आहे, पण ती फारच गडद. काकू म्हणाल्या, “वाळल्या कडब्याचा रंग म्हण.” तेच लिहिलं. गंजीतला मागच्या सालचा कडबा आणि हरणाचा फोटो शेजारी धरून पाहिले, चांगले जुळतात. हरणाचं नाव मात्र ‘फॅलो हरीण’च ठेवलं, नावाचं भाषांतर केलं नाही.

२८ जुलै

शब्दाच्या पानावर माणसांसाठी होणारा वापरही घ्यावा असं भाचीने सुचवलं. इंग्रजीत लेखकाचा, कलाकाराचा ‘फॅलो पीरियड’ म्हणतात. इंग्लंडात सॉमरसेटमध्ये एका दुभत्या जनावरांच्या शेतावर ग्लॅस्टनबरी संगीत महोत्सव भरतो. साधारण चार-पाच वर्षांनी एकदा तो बंद ठेवतात, गवताला आणि जमिनीला सावरायला वेळ मिळावा म्हणून. त्याला तिकडे ‘फॅलो इयर’ म्हणतात, २०१८ साली असंच बंद होता. सॅमन मासे वाढवायचे पिंजरेही दोन पिढ्यांमध्ये काही काळ रिकामे ठेवतात, रोग आणि माशांना लागणाऱ्या उवा तुटाव्यात म्हणून. त्यालाही क्रियापद हेच.

मोबाइलवरच्या एका कोशात ‘फॅलो पीरियड’ला ‘निष्क्रिय काळ’ दिलं होतं. मला ते पटत नाही. आई अंथरुणाला खिळली होती त्या दोन वर्षांत मी एक ओळ लिहिली नाही, वाचनालयही शेजारणीने चालवलं. कुणी त्या काळाला निष्क्रिय म्हटलं तर मला ते सहन होणार नाही. ‘विसावा’ही बरोबर नव्हता, विसावा कसला होता त्यात. त्या दोन वर्षांत मनात जे मुरलं ते पुढे लिहिण्यात आलं. बराच विचार करून पानावर ‘पेरणीविना गेलेला काळ’ असं ठेवलं. जमिनीला ‘विसावा’ चालतो, तिथे तो वापरला.

वाक्यातली जागाही मुलांसाठी टिपली. हे विशेषण नामाच्या आधी येतं, किंवा ‘लाय’, ‘लीव्ह’ या क्रियापदांनंतर. ‘लाय फॅलो’चा भूतकाळ ‘ले फॅलो’, तो वर्तमानकाळासारखा दिसतो. तिथे मी स्वतः दोन वाक्यांचा काळ चुकवला होता, तो सुधारला.

१० ऑगस्ट

छापण्याआधी वाचून घेतलं. या वेळी पारावर नाही, तीन घरांत. वाचणारा मोठ्याने वाचतो आणि मग स्वतःच्या शब्दांत काय करायचं ते सांगतो. दोन अडचणी निघाल्या.

एके ठिकाणी मी ‘राखलेलं रान’ लिहिलं होतं. दोन घरांनी त्याचा अर्थ गवतासाठी राखलेलं कुरण असा घेतला. काढून टाकलं.

दुसरी अडचण माझ्या ध्यानातच आली नव्हती. नववीतली मुलगी वाचताना ‘पाळी’ शब्दाशी थांबली, मान खाली घातली, पुढे वाचेना. काकूंनी सरळ सांगितलं, “अगं, वखराची पाळी.” पण वर्गात मुलांसमोर वाचायची वेळ आली तर त्या मुलीला त्रास नको. सगळीकडे ‘वखरपाळी’ असा जोडशब्द केला. शब्द गावातलाच आहे आणि अर्थ आणखी पक्का झाला.

४१ ची अंतिम वाटणी अशी : ‘मोकळं रान’ २३ ठिकाणी, ‘पड’ ७, ‘वखरपाळ्या घालणे’ ४, ‘विसावा’ ३, ‘पडीत’ २. उरलेल्या दोन वाक्यांत शब्दच काढून वाक्य नव्याने लिहिलं.

आता एखादं वाक्य समोर आलं की मी आधी पाहते, त्या जमिनीत अवजार चालतंय का. चालत असेल तर ‘मोकळं रान’. चालत नसेल तर किती दिवस झाले ते पाहते. साल-दोन साल असेल तर ‘पड’, माणसाने सोडूनच दिली असेल तर ‘पडीत’. इतकं वाक्यातून कळत नसेल तर मूळ पुस्तिकेतलं मागचं-पुढचं पान वाचते.

२४ ऑगस्ट

दुसऱ्यांदा १०० प्रती. कागद हलका घेतला, प्रत ३६ रुपये, एकूण ३,६००. गटाने निम्मे दिले, १,८०० मी घातले. जाण्यायेण्याचे पुन्हा १८०. म्हणजे १०० उपयोगी प्रतींना सगळा खर्च ७,७६० रुपये झाला. आधी वाक्यं वाचून, तीन घरांत दाखवून छापलं असतं तर निम्म्यात झालं असतं. पहिल्या खेपेच्या प्रती रद्दीत घातल्या, चार ठेवल्या. नवीन कुणी भाषांतराला बसलं तर दाखवायला.

जो तरुण दोन एकर सोडून देणार होता त्याने जुलैतच तात्यांचा वखर मागून नेला होता. आज त्याच्या रानाकडून आले, तण दिसलं नाही.

२८ सप्टेंबर

तात्यांची पेरणी. तिफणीच्या चाड्यावर काकूंची मूठ होती. मी बांधावर बसून पुस्तिका चाळत होते, भाची मूळ इंग्रजी पानं घेऊन शेजारी. ती एकदम म्हणाली, “आत्या, सोळाव्या पानावर ‘उथळ जमिनीत पाऊस उघडल्यावर लगेच वखर चालवा’ असं हाय. इथं तर फॅलो छापलंय.”

‘शॅलो’ आणखी एका ठिकाणी झालं होतं. मे महिन्यात मी एक पकडला आणि दुसरा सुटला. वाक्य सरळ वाचलं जात होतं, म्हणून तिन्ही घरांत कुणालाच खटकलं नाही. एकूण ४१ नव्हते, ४२ होते.

संध्याकाळी वाचनालयात उरलेल्या ८८ प्रती काढल्या. सोळाव्या पानावर ‘उथळ जमिनीत’ खोडून वर निळ्या पेनने ‘मोकळ्या रानात’ लिहायला बसलो. मी ५०, भाचीने ३८. वाटलेल्या १२ घरांची यादी केली आहे, उद्या सकाळी पेन घेऊन जायचं.